दोनशे रुपयांची कपात आणि भुकेचं अर्थशास्त्र

महाराष्ट्रात नोकरी करणाऱ्या लाखो माणसांच्या पगारपत्रकावर दर महिन्याला एक छोटी कपात दिसते. व्यवसाय कर, दोनशे रुपये. फेब्रुवारीत तीनशे. वर्षाचे अडीच हजार. भविष्यनिर्वाह निधी आणि प्राप्तिकराच्या मोठ्या आकड्यांशेजारी ती नजरेतही भरत नाही. ती कशासाठी सुरू झाली हे कापणाऱ्यालाही ठाऊक असेलच असं नाही.

हा कर 1975 मध्ये आला तो रोजगार हमी योजनेसाठी. शहरात ज्याचा पगार ठरलेला आहे, त्याने गावात ज्याच्या हाताला काम नाही त्याच्या मजुरीचा थोडा भार उचलावा, असा तो सरळ विचार होता. आज सरळ वाटणारा हा विचार जन्माला यायला शंभर वर्षं लागली. माणसं उपाशी का मरतात, या एकाच प्रश्नाला अर्थशास्त्रज्ञांनी वेळोवेळी वेगवेगळी उत्तरं दिली. त्यातली काही चुकीची निघाली, आणि त्या चुकांची किंमत ज्यांनी मोजली त्यांनी ॲडम स्मिथचं नावही कधी ऐकलेलं नव्हतं.

स्मिथने 1776 मध्ये लिहिलं होतं की धान्याच्या टंचाईत सरकारने बाजारात हात घातला तर टंचाईचा दुष्काळ होतो. व्यापाऱ्याला मोकळं सोडलं, तर भाव चढतील, लोक जपून खातील आणि चढ्या भावाच्या ओढीने धान्य आपोआप टंचाईच्या भागात येईल. युरोपातल्या बाजारांकडे बघून केलेली ही मांडणी होती आणि तिथे तिच्यात तथ्यही होतं. पुढे ईस्ट इंडिया कंपनीने आपल्या तरुण अधिकाऱ्यांना शिकवण्यासाठी हेलबरी इथे कॉलेज काढलं. तिथे 1805 पासून 1834 मध्ये मृत्यू येईपर्यंत राज्यशास्त्रीय अर्थव्यवहाराचे प्राध्यापक होते थॉमस माल्थस. अन्नापेक्षा लोकसंख्या वेगाने वाढते आणि भूक ती ताळ्यावर आणते, हे सांगणारा हाच तो माल्थस. कंपनीचे अधिकारी या शिकवणुकीच्या शिदोरीवर कलेक्टर होऊन भारतात येत राहिले. अर्थशास्त्राचा सिद्धांत राज्यकारभारात शिरतो तो बहुतेक वेळा असाच. वर्गात शिकलेली गोष्ट वीस-तीस वर्षांनी फाइलवरचा शेरा होते आणि तोवर ती कुणाची तरी मांडणी होती हे विसरलेलं असतं.

सर रिचर्ड टेंपल यांची गोष्ट या दृष्टीने फार काही सांगते. 1873-74 मध्ये बिहार-बंगालात पीक बुडालं, तेव्हा मदतकार्याची सूत्रं त्यांच्याकडे आली आणि 1874 मध्ये ते बंगालचे लेफ्टनंट गव्हर्नरही झाले. त्यांनी ब्रह्मदेशातून तांदूळ आणवला, सढळ हाताने वाटला, कामं काढली. भूकबळी जवळजवळ पडलेच नाहीत. एकोणिसाव्या शतकातल्या हिंदुस्थानात ही असामान्य कामगिरी होती. पण कौतुकाऐवजी वाट्याला आली टीका. पैसा उधळला, लोकांना सरकारवर विसंबायची सवय लावली, असा ठपका बसला. तीनच वर्षांनी दख्खन आणि मद्रास इलाखा होरपळत असताना व्हाइसरॉय लॉर्ड लिटनने याच टेंपलना दुष्काळाच्या पाहणीवर पाठवलं. या वेळी ते काटकसरीचा निश्चय करूनच आले. जानेवारी 1877 मध्ये त्यांनी दुष्काळी कामावरच्या धडधाकट पुरुषाची मजुरी ठरवली ती एक पौंड धान्याची किंमत आणि वर थोडे पैसे. इतिहासात तिला ‘टेंपल मजुरी’ म्हणतात.

एक पौंड म्हणजे साडेचारशे ग्रॅम. तेवढ्या ज्वारीच्या मध्यम आकाराच्या पाच-सहा भाकरी होतात. उष्मांकांच्या भाषेत सोळाशेच्या आसपास. तेवढ्यावर बाप्या माणसाने दिवसभर उन्हात खडी फोडायची किंवा मातीच्या पाट्या उचलायच्या. मद्रासचे आरोग्य अधिकारी डॉ. कॉर्निश यांनी निक्षून सांगितलं की दीड पौंडाखाली मजूर तगणार नाही. मुंबई इलाख्यात हजारो मजूर कामं सोडून निघून गेले. पुण्याच्या सार्वजनिक सभेने त्यांची बाजू घेतली. धान्याची निर्यात मात्र चालूच राहिली, कारण बाजारात हात घालायचा नाही हा दंडक होता. त्या दुष्काळात एकट्या ब्रिटिश मुलखात पन्नास लाखांहून अधिक माणसं दगावली.

टेंपल क्रूर होते म्हणून हे झालं असं म्हटलं तर गोष्ट सोपी होते, पण ती खरी नाही. त्याच माणसाने तीन वर्षांपूर्वी लाखो जीव वाचवले होते. मधल्या काळात त्याला वरिष्ठांकडून सांगितलं गेलं की तुझा अनुभव चूक आणि ग्रंथ बरोबर. सिद्धांताची खरी ताकद इथे दिसते. डोळ्यांनी पाहिलेलंही तो खोटं ठरवू शकतो.

या ताकदीला उत्तर देणाऱ्यांनी पहिलं काम केलं ते मोजण्याचं. सार्वजनिक सभेचे कार्यकर्ते तालुक्यातालुक्यात फिरले, पीकपाण्याची माहिती गोळा केली आणि ती पत्रांमागून पत्रं पाठवून सरकारपुढे ठेवली. यामागे सार्वजनिक काका आणि न्यायमूर्ती रानडे होते. त्याच सुमाराला, 1876 मध्ये, दादाभाई नौरोजींनी मुंबईत एक निबंध वाचला. सरकारच्याच कागदपत्रांवरून त्यांनी 1867-68 सालचं हिंदी माणसाचं सरासरी उत्पन्न काढलं. ते भरलं वर्षाला वीस रुपये. मग त्यांनी तुलनेला घेतला तो शिधा सरकारनेच ठरवलेला होता: परदेशी मजुरीला जाणाऱ्या कुलींचा जहाजावरचा शिधा आणि तुरुंगातल्या कैद्यांवर होणारा खर्च. नुसतं जिवंत राहायला वर्षाला सुमारे चौतीस रुपये लागतात, असं त्यातून निघालं. गुन्हेगाराला सरकार जेवढं खायला घालतं तेवढंही कष्टकरी रयतेच्या सरासरीत बसत नव्हतं.

दादाभाईंचे आकडे ढोबळ होते. आजच्या विद्यार्थ्यालाही त्यात चुका काढता येतील. पण त्यांनी प्रश्न बदलला. ‘हिंदी रयत आळशी आहे का, तिची पोरं जास्त आहेत का’ हे सोडून ‘तिच्या हातात पडतं किती’ हे विचारायला भाग पाडलं. अर्थशास्त्रात बरेचदा असं होतं. उत्तर पुढच्या पिढीत दुरुस्त होतं, प्रश्न मात्र टिकतो.

1880 च्या दुष्काळ आयोगानंतर दुष्काळ संहिता तयार झाली. लक्षणं दिसताच कामं काढायची, मजुरी द्यायची, हे तिच्यात लिहिलं गेलं. ती कागदावर असूनही 1943 मध्ये बंगालात सुमारे तीस लाख माणसं मेली, कारण सरकारने दुष्काळ जाहीरच केला नाही. जाहीर केला असता तर संहितेतली जबाबदारी अंगावर आली असती. शांतिनिकेतनात नऊ वर्षांच्या एका मुलाने ती माणसं पाहिली. त्याच्या ओळखीच्या मध्यमवर्गीय घरांत मात्र कुणी उपाशी नव्हतं. हा मुलगा म्हणजे अमर्त्य सेन. 1981 मध्ये आलेल्या पुस्तकात त्यांनी दाखवलं की 1943 मधला तांदळाचा पुरवठा आधीच्या पाच वर्षांच्या सरासरीपेक्षा जेमतेम पाच टक्क्यांनी कमी होता, आणि 1941 पेक्षा तेरा टक्क्यांनी जास्त. 1941 मध्ये दुष्काळ पडला नव्हता. मेले ते शेतमजूर, कोळी, नावाडी, न्हावी. युद्धाच्या महागाईत त्यांच्या श्रमाला आणि मालाला तांदूळ मिळेनासा झाला होता. पिकाच्या आकडेवारीवरून सेन यांच्याशी पुष्कळांनी वाद घातला आणि तो अजून पूर्ण मिटलेला नाही. तरी मुख्य मुद्दा उभा राहिला. कोठारात धान्य असून भागत नाही, ते घ्यायला हातात काहीतरी असावं लागतं.

महाराष्ट्राच्या वाचकाने इथे तारखा नीट बघाव्यात. सेन यांचं पुस्तक 1981 चं. रोजगार हमीचा कायदा 1977 चा, अंमल 26 जानेवारी 1979 पासून. आणि त्याआधी, 1965 मध्ये, सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यात वि. स. पागे यांनी या कल्पनेचा प्रयोग केलेला होता. पागे तेव्हा विधान परिषदेचे सभापती होते. विद्यापीठातले अर्थतज्ज्ञ नव्हते. कामाची गरज असलेल्याला गावाजवळ काम द्यायचं आणि त्या कामातून जमिनीची, पाण्याची काही कायमची सोय करायची, एवढी त्यांची मांडणी. ‘मागेल त्याला काम’ या तीन शब्दांत ती मावली. दुष्काळी कामं इंग्रजांच्या संहितेतही होती, पण तिथे ती सरकारची मेहेरबानी होती. इथे मजूर अर्ज करणार, पंधरा दिवसांत काम मिळणार, न मिळाल्यास बेकारी भत्ता मागणार. दुष्काळ जाहीर झाला की नाही याची वाट बघायची गरजच उरली नाही. बंगालात जी फट लाखो जिवांना भोवली, नेमकी तीच या कायद्याने बुजवली.

मधे 1972 चा दुष्काळ आला. त्या वेळची माणसं आजही मिलो या परदेशी ज्वारीच्या तांबड्या भाकरीची आणि कामावर वाटल्या जाणाऱ्या सुकडीची आठवण काढतात. रस्ते, पाझर तलाव, नालाबांध. मुकादम मस्टरवर नावं पुकारतोय, बायका पोरांना झाडाखाली झोपवून खडी फोडतायत, हे चित्र तेव्हा मराठवाड्यापासून नगर-सोलापूरपर्यंत सगळीकडे होतं. मे 1973 मध्ये कामांवरच्या मजुरांची संख्या पन्नास लाखांच्या आसपास गेली. पिकं जवळजवळ सगळी गेली असताना मोठ्या प्रमाणावर भूकबळी टळले, कारण मजुरीचे पैसे हातात येत होते आणि त्या पैशामागे धान्य येत होतं. पुढे अर्थतज्ज्ञ ज्याँ द्रेझ यांनी या दुष्काळाचा बारकाईने अभ्यास केला, आणि सेन यांच्या सिद्धांताला महाराष्ट्रातली ही कामं सर्वांत भक्कम पुरावा ठरली. 2005 मध्ये देशभरासाठी शंभर दिवसांच्या कामाचा कायदा झाला, त्याच्या आखणीत द्रेझ होते. तासगावातली कल्पना ग्रंथात गेली आणि ग्रंथातून दिल्लीत पोचली. सिद्धांत नेहमी विद्यापीठातून खाली गावाकडे येतो, हा समज तेवढ्यापुरता तरी बाजूला ठेवायला हवा.

त्याच काळात पुण्यात दुसरं एक काम चालू होतं. गोखले अर्थशास्त्र संस्थेत वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी भारतातल्या दारिद्र्याचा अभ्यास हाती घेतला होता. जानेवारी 1971 मध्ये तो ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’त छापून आला. गरीब कुणाला म्हणायचं? माणसाला दिवसाला सरासरी 2,250 उष्मांक मिळतील एवढा खर्च ज्या घराला परवडत नाही, त्याला. 1960-61 च्या भावाने हा खर्च त्यांनी खेड्यात महिन्याला माणशी पंधरा रुपये आणि शहरात साडेबावीस रुपये धरला. त्या हिशेबाने खेड्यातली चाळीस टक्के आणि शहरातली पन्नास टक्के माणसं गरीब ठरली. दादाभाईंनी तुरुंगाच्या शिध्याने केलेलं मोजमाप इथे राष्ट्रीय नमुना पाहणीच्या आकड्यांनी झालं. रोजगाराची मोठी कामं काढावीत, अशी त्यांची शिफारस होती.

मग वाद सुरू झाला, आणि तो पुण्यातच. पां. वा. सुखात्मे हे जागतिक कीर्तीचे संख्याशास्त्रज्ञ संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेतून निवृत्त होऊन पुण्यात स्थायिक झाले होते. सातारा जिल्ह्यातल्या बुध गावचे. त्यांचं म्हणणं असं की माणसाची उष्मांकांची गरज ठाम नसते. ती माणसागणिक बदलते आणि एकाच माणसाची दिवसागणिक बदलते. कमी खाण्याशी शरीर काही मर्यादेत जुळवून घेतं. तेव्हा सरासरीखाली खाणारा प्रत्येक जण कुपोषित धरला, तर गरिबी फुगवून दाखवली जाते. शिवाय घाणेरड्या पाण्याने हगवण लागली तर पोटात गेलेलं अन्नही अंगी लागत नाही, म्हणून शुद्ध पाणी आणि स्वच्छता बघा. दांडेकरांनी उत्तर दिलं की दारिद्र्य आणि कुपोषण या दोन गोष्टी आहेत. दारिद्र्यरेषा एका माणसाचं शरीर मोजत नाही. एका खर्चपातळीवरचा सगळा समाज सरासरीने काय खातो, हे ती दाखवते.

दोघेही सातारकर, दोघेही संख्याशास्त्रात मुरलेले, आणि दोघांनीही वर्षानुवर्षं माघार घेतली नाही. गरिबीच्या मोजमापाबाबत दांडेकरांचीच बाजू बळकट होती. कमी खाऊन जुळवून घेतलेलं शरीर उंचीने खुजं आणि कामाला दुबळं राहतं. त्याला निरोगी म्हणणं म्हणजे उपासमारीची सवय झाली म्हणून उपासमार नाही म्हणणं. पण पाण्याबद्दल सुखात्मे काळाच्या पुढे होते. मुलांच्या खुज्या वाढीत अस्वच्छतेचा वाटा केवढा, हा प्रश्न नंतरच्या संशोधनात फार महत्त्वाचा ठरला. या वादाचं मोल असं की तो उघड्यावर झाला. आकडे छापलेले होते, पद्धत सांगितलेली होती, त्यामुळे कुणालाही पडताळा घेता येत होता.

रोजगार हमीत दोष नव्हते असं म्हणणं अप्रामाणिकपणाचं होईल. खोटी मस्टरं निघाली, मजुरी थकली, मजुरांनी बांधलेल्या तलावांचं पाणी बरेचदा मोठ्या बागायतदारांच्या शेतात गेलं. कामाला मजूर मिळत नाहीत, ही लहान शेतकऱ्याची तक्रारही खरी आहे. पण ज्या बाईला पूर्वी बांधावर मिळेल ती मजुरी घ्यावी लागे, तिला ‘मी हमीच्या कामावर जाते’ असं म्हणण्याची सोय झाली. मजुरीचा भाव ठरवताना तिच्या बाजूलाही काही वजन आलं. पुस्तकातल्या मागणी-पुरवठ्याच्या आलेखात हे वजन दिसत नाही. शेतावर ते लगेच कळतं.

दारिद्र्यरेषेचं पुढे काय झालं, तेही विसरू नये. सप्टेंबर 2011 मध्ये नियोजन आयोगाने सर्वोच्च न्यायालयात प्रतिज्ञापत्र दिलं आणि शहरात दिवसाला बत्तीस रुपये, खेड्यात सव्वीस रुपये ही रेषा जाहीर झाली. देशभर संताप उसळला आणि तो रास्तच होता. बत्तीस रुपयांत शहरात माणूस जगत नाही. पण त्या गदारोळात एक गोष्ट हरवली. ही रेषा प्रा. सुरेश तेंडुलकरांच्या समितीच्या पद्धतीतून आली होती, आणि त्या पद्धतीने गरिबीचा अंदाज वाढला होता. 2004-05 साली जुन्या हिशेबाने खेड्यातली 28.3 टक्के माणसं गरीब होती. तेंडुलकरांनी ती 41.8 टक्के धरली. त्यांनी उष्मांकांच्या पलीकडे जाऊन शिक्षण आणि औषधपाण्याचा खर्चही मोजमापात आणला होता. आकडा अपुरा आहे असं म्हणताना तो कुणी, कशासाठी काढला हे बघितलं नाही, तर ज्याने गरिबांची संख्या वाढवून दाखवली त्यालाच गरिबांचा वैरी ठरवलं जातं.

आज काळजी वाटते ती वेगळ्याच कारणाने. चुकीचा आकडा दुरुस्त करता येतो, पण आकडाच नसला तर वाद घालायचा कशावर? घरोघरचा खर्च मोजणारी 2017-18 ची राष्ट्रीय पाहणी पूर्ण झाली होती. नोव्हेंबर 2019 मध्ये दर्जाचं कारण देऊन सरकारने ती जाहीर न करण्याचं ठरवलं. 2011-12 नंतर पुढचे आकडे लोकांपुढे आले ते 2022-23 च्या पाहणीचे, फेब्रुवारी 2024 मध्ये. मधल्या काळात नोटाबंदी झाली, वस्तू व सेवा कर आला, करोना आला, शहरांतून लाखो माणसं पायी गावाकडे गेली. या सगळ्याचा गरिबाच्या ताटावर काय परिणाम झाला, हे सांगायला अधिकृत मोजमाप नव्हतं. कुणी म्हणायचं गरिबी संपत आली, कुणी म्हणायचं वाढली, आणि दोघांच्याही हातात उसने अंदाज. 1881 पासून दर दहा वर्षांनी, महायुद्धातही न चुकलेली जनगणना 2021 मध्ये झाली नाही. पागे असोत, दांडेकर असोत की सुखात्मे, आकड्यांच्या या पायाशिवाय त्यांना काहीच उभं करता आलं नसतं. पाहणीच्या दर्जाबद्दल शंका असेल तर आकडे छापावेत, सोबत त्या शंकाही छापाव्यात आणि देशातल्या अभ्यासकांना तपासू द्यावं.

पाहणी म्हणजे प्रत्यक्षात काय, हे एकदा जवळून बघण्यासारखं असतं. प्रगणक घरी येतो. ओट्याशी किंवा ओसरीवर बसतो आणि घरातल्या बाईला विचारतो: गेल्या आठवड्यात तेल किती लागलं? रेशनची ज्वारी किती, विकतची किती? दूध घेता का? महिन्याभरात औषधाला किती गेले? अंडी, मटण? ती काम बाजूला ठेवून आठवते, बोटांवर मोजते, मधेच मुलीला हाक मारून डब्यात उरलेल्या तेलाची खात्री करून घेते. असे शेकडो प्रश्न, दोन-दोन तास. 2022-23 मध्ये अडीच लाखांहून अधिक घरांनी अशी उत्तरं दिली. 2017-18 मध्येही देशभरातल्या घरांत बायकांनी अशीच आठवून, मोजून उत्तरं दिली होती. त्यांच्या रोजगाराचा तेवढा वेळ मोडला होता, आणि त्यांनी सांगितलेलं देशाला अजून वाचायला मिळालेलं नाही.